छपरावरची सीलबंद वाटी

आक्का मुलाच्या नव्या घरी राहायला गेली, ते घर गावाबाहेर, मोठ्या रस्त्याच्या पलीकडे होतं. वसाहत नवी, घरं सगळी एका साच्यातून काढल्यासारखी, गल्ल्याही तशाच, आणि प्रत्येक गल्लीच्या तोंडाशी एकेक झाड, तेही एकाच वयाचं. तिची धाकटी बहीण, म्हणजे काकू, आणि काकूंचे यजमान साहेब पहिल्यांदा तिकडे गेले तेव्हा दुपारभर त्या गल्ल्यांतून गाडी फिरवत राहिले. एका घरापुढे एक बाई कपडे वाळत घालत होती. तिच्यासमोरून ते इतक्या वेळा गेले की शेवटी तिने ओळखीचं हसून हात हलवला. काकूंनी तिला विचारायला काच खाली केली, तर साहेबांनी गाडीचा वेग वाढवला. संध्याकाळ झाली आणि आक्काला न भेटताच दोघं घरी परतली. आक्कासाठी करून नेलेलं खाणं रात्री दोघांनीच संपवलं.

साहेब रस्ता विचारत नसत. ते वजनमापे खात्यात निरीक्षक होते आणि तिथूनच निवृत्त झाले. उभी हयात तराजू तपासण्यात गेली. माणसाला विचारलं की माणूस त्याच्या सोयीचं सांगतो, खरं फक्त माप सांगतं, आणि तेही आपण स्वतः तपासून शिक्का मारलेलं असेल तर, असा त्यांचा अनुभव होता. बाजारातल्या लबाड दुकानदारांच्या बाबतीत तो खरा असेलही. पण कपडे वाळत घालणाऱ्या बाईला साहेबांना चुकीच्या गल्लीत पाठवून काय मिळणार होतं, हे काकूंना संसाराच्या इतक्या वर्षांत कधी कळलं नाही.

आक्का काकूंपेक्षा बरीच मोठी. आई लवकर गेल्यावर काकूंची वेणी घालण्यापासून लग्नात पाठवणी करण्यापर्यंत सगळं आक्कानेच केलेलं. तिला अलीकडे विसर पडू लागला होता. तिचा मुलगा फोनवर म्हणाला, "मावशी, जमेल तितक्या लवकर ये. अजून ती माणसं ओळखते. पुढचं मला सांगता येत नाही." मीच गाडी घेऊन तुला न्यायला येतो, असंही तो म्हणाला. काकूंनी ते साहेबांच्या कानावर घातलं. साहेबांनी वर्तमानपत्राची घडी घातली, चष्मा काढला आणि घरात गाडी असताना, ती चालवणारा माणूस हातीपायी धड असताना, बायकोला नेण्यासाठी परक्या गाडीची गरज का पडावी, एवढंच विचारलं. भाच्याची गाडी परकी कशी, हे काकूंच्या ओठांवर आलं होतं. ते तिथेच राहिलं. पुढे कितीतरी दिवस काकूंना वाटत राहिलं, की तेव्हा बोलायला हवं होतं.

तर अशा रीतीने साहेबांनी गाडीत रस्ता दाखवणारं यंत्र बसवायचं ठरवलं.

आज ही गोष्ट कुणाला सांगितली तर हसतील. आता फोनच रस्ता दाखवतो, तोही न विचारता. पण तेव्हा फोन म्हणजे नुसता फोन होता, आणि साहेबांकडे खिशातला तोही नव्हता. घराबाहेर पडलेला माणूस कुणाला सापडता कामा नये, असं त्यांचं मत होतं. तेव्हाचं यंत्र म्हणजे चांगला गाडाभर पसारा. पुढे काचेजवळ पडदा, मागे डिकीत ट्रंकेएवढी पेटी, तिच्यात नकाशाची तबकडी फिरणार, छपरावर आकाशाकडे बघणारी अँटेना, आणि या सगळ्यांना बांधणाऱ्या तारा, इतक्या की घरातल्या दिव्यांनाही तेवढ्या लागल्या नसतील.

दुकानदाराने साहेबांना ओळखलं असावं. तो म्हणाला, नकाशा काय, सगळ्या कंपन्यांचा एकच, एकाच ठिकाणाहून विकत घेतात. बाजारात खरी चढाओढ आहे ती यंत्राची. कुणाची अँटेना कान टवकारून ऐकते, कुणाच्या पेटीतल्या भिंगरीला वळण अचूक कळतं, कुणाचा पडदा उन्हात दिसतो. साहेबांचा चेहरा उजळला. आयुष्यभर ते तरी दुसरं काय सांगत होते? धान्य सगळीकडे सारखंच, फरक तराजूत. घरी येऊन त्यांनी काकूंना हे समजावून सांगितलं. काकूंनी विचारलं, मग रविवारी जायचं ना आक्काकडे? साहेब म्हणाले, बसवून झालं की लगेच.

यंत्र आल्याची बातमी इमारतीत पसरायला वेळ लागला नाही. तळमजल्यावर एक निवृत्त गृहस्थ राहत, त्यांना सगळे तळमजलाच म्हणत. त्यांचा मेहुणा परदेशात अशाच एका कारखान्यात होता, निदान त्यांच्या म्हणण्याप्रमाणे. गाडी अंगणात उभी राहिली की तळमजला चहाचा कप घेऊन बाहेर येत आणि बॉनेटला टेकून सल्ला देत. पेटी डिकीत नको, सीटखाली ठेवा, तिला हवा लागते. दुसऱ्या दिवशी, सीटखाली नको, तिला धक्के सोसत नाहीत. पडदा डावीकडे नको, उजवीकडे नको, मधोमध ठेवा. मधोमध ठेवला तर थंड हवेची जाळी झाकली गेली आणि पुढे काकूंना घाम फुटू लागला. त्यावर तळमजल्यांनी काकूंनी मागे बसावं असा तोडगा सुचवला. साहेबांना तो पटला. लग्न झाल्यापासून नवऱ्याशेजारी बसून "अहो, हळू" म्हणण्याचा काकूंचा जो हक्क होता, तो अशा प्रकारे एका पडद्यापायी गेला.

वायरिंगवाला आला. भला माणूस, फक्त घाईत असायचा. त्याने डॅशबोर्ड उकलला तेव्हा गाडीच्या पोटातून इतकं काही बाहेर आलं की काकूंना बघवेना, त्या घरात निघून गेल्या. संध्याकाळी सगळं परत आत गेलं, चार स्क्रू मात्र उरले. ते बहुतेक कंपनीने जास्तीचे दिले असतील, असं तो म्हणाला. मग फेरी मारायला सगळे निघाले. पडद्यावर रस्ता दिसत होता, रस्त्यावर छोटा बाण होता, तो बाण म्हणजे आपण. काकूंनासुद्धा गंमत वाटली. पण साहेबांनी चौकात ब्रेक दाबला आणि बाण मागे पळाला. पुन्हा निघाले, पुढच्या वळणावर ब्रेक, बाण पुन्हा मागे. साहेब ब्रेक फार दाबत. बाजारपेठेत पोहोचेपर्यंत यंत्राच्या हिशेबाने ते उलट्या चालीने घर ओलांडून पलीकडच्या वेशीपर्यंत गेले होते. वायरिंगवाल्याने मागे जाण्याची तार उलट्या गिअरच्या दिव्याऐवजी ब्रेकच्या दिव्याला जोडली होती. ती सापडेपर्यंत डॅशबोर्ड आणखी दोनदा उकलला गेला आणि जास्तीचे स्क्रू ओंजळभर झाले.

अखेर बाण सरळ चालू लागला. जाताना वायरिंगवाला अँटेनेवर टिचकी मारून म्हणाला, हिला वर आकाश दिसलं पाहिजे, बाकी काही मागत नाही बिचारी. काकूंनी विचारलं, मग रविवारी? साहेबांनी मान डोलावली.

शनिवारी तळमजल्यांनी कुठूनसं ऐकून आणलं की छपराला भोक पाडून काही बसवलं तर तो गाडीच्या बांधणीत बदल होतो आणि त्याची वाहन कार्यालयात नोंद लागते. दुसऱ्या कुणी हसून सोडून दिलं असतं. पण साहेबांनी जन्मभर दुसऱ्यांच्या नोंदी तपासल्या होत्या. नोंद नसलेल्या अँटेनेखाली बसून रस्त्यावर जाणं त्यांना शक्य नव्हतं. रविवार राहिला.

वाहन कार्यालयात यंत्राला कुठल्या रकान्यात बसवावं हे कुणाला ठरवता येईना. तिथल्या अधिकाऱ्याने विचारलं, हे संदेश पाठवतं का? साहेब म्हणाले, नाही, हे फक्त ऐकतं. मग बोलतं कोण, अधिकाऱ्याने विचारलं, कारण रस्ता सांगणारी यंत्रातली बाई तेवढ्यात "शक्य असेल तिथे माघारी वळा" असं म्हणाली होती. साहेबांनी सांगितलं, ते आपल्याशी बोलतं, बाहेर कुणाशी नाही. अधिकाऱ्याने बराच विचार केला आणि अशी यंत्रं बहुतेक दोन्ही करतात, असा शेरा मारला. साहेब खेपा घालत राहिले. काकूंना एक गोष्ट दिसत होती, ती त्या कुणाला बोलून दाखवू शकल्या नाहीत. निवृत्तीनंतर इतक्या दिवसांनी साहेब पुन्हा सकाळी इस्त्रीचा शर्ट घालून, कागदांची पिशवी घेऊन घराबाहेर पडत होते. परत आले की जेवताना वैतागून बोलत, पण भात दोनदा वाढून घेत.

शेवटी परवानगी मिळाली, एका अटीवर. छपराबाहेर आलेला भाग सुटा किंवा उघडा राहता कामा नये, तो मजबूत झाकलेला असावा.

साहेबांनी स्वयंपाकघरात येऊन काकूंकडे वाटी मागितली. काकूंना वाटलं दही हवंय. साहेबांनी वाट्यांच्या रांगेतून स्टीलची एक जाड बुडाची वाटी निवडली, तिला कडेला भोकं पाडली, अँटेनेवर उपडी घातली, भोकांतून तार ओवून छपरावरच्या सामानाच्या दांडीला ओढून बांधली, आणि तारेच्या गाठीवर शिशाचं सील चेपून वर शिक्का मारला. खात्यातला जुना चिमटा त्यांनी आठवण म्हणून जपून ठेवला होता. सील लावून झाल्यावर ते दोन पावलं मागे सरकून उभे राहिले. तळमजला म्हणाले, आता कसं, एकदम सरकारी काम वाटतं. साहेबांनी सगळ्यांना बजावलं की सीलला कुणी हात लावायचा नाही. सील मोडणं हा गुन्हा आहे.

आता यातली खोच अशी, की यंत्र लगेच बंद पडलं असतं तर कुणाच्याही लक्षात आलं असतं. पण दुकानदाराने खोटं सांगितलं नव्हतं. यंत्र खरंच चांगलं होतं. आकाश दिसेना झालं तरी आतली भिंगरी वळणं ओळखत होती, चाकाकडची तार वेग सांगत होती, आणि बिचारं डोळे मिटून, अंधारात भिंत चाचपत जाणाऱ्या माणसासारखं, अंदाजाने चालत राहिलं. पहिल्या दिवशी सगळं बरोबर. दुसऱ्या दिवशी घरी परतल्यावर बाण फाटकाच्या थोडा पलीकडे थांबला. मग रोज थोडा थोडा सरकत गेला. एके दिवशी गाडी थेट तळमजल्यांच्या झोपायच्या खोलीत उभी दिसली, आणि हे साहेबांनी त्यांना हसत सांगितलं तर ते मनाला लावून घेऊन दोन दिवस चहा घेऊन बाहेर आले नाहीत. पुढच्या आठवड्यात आपण तलावात राहतो असं यंत्राचं म्हणणं पडलं.

साहेबांनी तपासणी हाती घेतली. भिंगरीची पेटी सपाट हवी म्हणून बुडबुड्याची पट्टी लावून तिच्याखाली जुन्या वह्यांचे पुठ्ठे सरकवले. टायर झिजले की चाक लहान होतं आणि अंतर चुकतं, हे कळल्यावर चारी चाकांना शिंप्याची टेप गुंडाळून पाहिली. पेटी बदलून आणली. मग तार बदलली. मग पडदा बदलला, त्याचा खरं तर काहीच दोष नव्हता. दुकानदाराने फोनवर विचारलं, अँटेना मोकळी आहे ना? साहेबांनी अभिमानाने सांगितलं, अँटेना सीलबंद आहे. त्या शब्दाचा असा काही दरारा होता की पलीकडून पुन्हा कुणी विचारलं नाही.

या सगळ्यात दिवस जात होते. आक्काचा मुलगा मधूनमधून फोन करी. आधी तो आक्काच्या हातात फोन देत असे आणि आक्का विचारत असे, "धाकटे, येतेस ना?" काकू म्हणत, येते, गाडीचं एक काम राहिलंय. थोड्या वेळाने आक्का पुन्हा तेच विचारी आणि काकू पुन्हा तेच सांगत. मग ती फोन हातात घेईनाशी झाली. त्यातून आवाज येतो आणि माणूस दिसत नाही, याची तिला भीती वाटू लागली होती. काकूंनी एकदा बसने जायचा विषय काढला. साहेब उठून अंगणात गेले आणि गाडीत नुसते बसून राहिले. खिडकीतून काकूंना त्यांचं टक्कल आणि समोर उजळलेला पडदा दिसत होता. काकू म्हणाल्या, जाऊ दे, थांबू आणखी थोडं. साहेबांचं मन राखलं, आणि ते राखताना आपल्याला बरंही वाटलं होतं, ही गोष्ट काकूंना पुढे जास्त लागली.

यंत्र काही सुधारेना, तेव्हा साहेबांनी खात्यातल्या जुन्या सहकाऱ्यांना एका दुपारी जेवायला बोलावलं. जेवण हे निमित्त. चार जाणत्या माणसांनी यंत्र तपासावं हा हेतू. काकूंनी ताटं मांडली आणि एक वाटी कमी पडली. दुसरी होती, पण ती वेगळ्या घाटाची, आणि मुख्य पाहुण्याच्या ताटात वेगळी वाटी ठेवणं काकूंच्या हातून होण्यासारखं नव्हतं. त्यांनी फळीवरची पक्कड घेतली, अंगणात गेल्या, स्टुलावर चढल्या आणि सील तोडलं. वाटी खाली घेताना गाडीतून काहीतरी टिणटिण वाजलं. साहेब आत पडद्यापुढे बसले होते. तलावातला बाण उचलल्यासारखा निघाला, रस्ते, घरं ओलांडत आला आणि नेमका त्यांच्याच अंगणात येऊन थांबला.

काकू स्टुलावर, हातात वाटी. साहेब गाडीत.

मग काकू म्हणाल्या, "अहो, हिला आकाश दिसलं पाहिजे असं तो सांगून गेला होता."

साहेबांनी पडद्याकडे पाहिलं, वाटीकडे पाहिलं, आणि म्हणाले, "यंत्र आता रुळलं."

वाटी पाहुण्याच्या ताटात गेली, फक्त काकूंनी तिच्यात पातळ काही वाढलं नाही, कारण तिला कडेला भोकं होती.

त्याच संध्याकाळी आक्काच्या मुलाचा फोन आला. त्याचा आवाज खुललेला होता. आईचा दिवस फार चांगला गेला, तो म्हणाला. सकाळपासून धाकटी कधी येणार, धाकटी कधी येणार, असं विचारतेय. तुला कुठली साडी आवडायची तेही सांगितलं. काकू फोन ठेवून बाहेर आल्या आणि म्हणाल्या, उद्या जाऊ. साहेब म्हणाले, जाऊच, पण यंत्र आत्ताच ठीक झालंय, चार ओळखीच्या रस्त्यांवर एकदा पडताळून घेतो, मग बिनघोर जाऊ. उगाच पुन्हा त्या गल्ल्यांत फिरायला नको. त्यांच्या तोंडावर इतक्या दिवसांनी समाधान होतं.

काकू म्हणाल्या, "बरं."

पडताळणीत तो आठवडा गेला.

मग एका सकाळी ते निघाले. यंत्रातली बाई डावीकडे म्हणाली की डावीकडे, उजवीकडे म्हणाली की उजवीकडे. कपडे वाळत घालणारी बाई या वेळीही अंगणात होती. तिने हात हलवला, पण आता तिच्यासमोरून एकदाच जायचं होतं. आक्काच्या दारासमोर, अगदी फाटकाला नाक लावून, गाडी थांबली आणि यंत्र म्हणालं, आपण पोहोचला आहात. साहेबांनी मागे वळून काकूंकडे पाहिलं. शाबासकीची वाट बघणाऱ्या माणसाचा चेहरा होता. काकू दार उघडून उतरल्यासुद्धा होत्या.

आक्का खिडकीजवळ खुर्चीत बसली होती. केस नीट विंचरलेले, मांडीवर शाल. काकू तिच्यासमोर जाऊन उभ्या राहिल्या. आक्काने वर पाहिलं, आणि घरी आलेल्या अनोळखी माणसाचं करावं तसं स्वागत केलं.

"या, बसा ना," ती म्हणाली. "घर सापडायला त्रास नाही ना झाला?"

मुलगा पुढे झाला, आई, अगं मावशी आहे, असं काहीसं म्हणू लागला. काकूंनी हातानेच त्याला थांबवलं. त्यांनी खुर्ची ओढली आणि बसल्या.

"नाही," काकू म्हणाल्या. "नाही झाला."

"इथे सगळे चुकतात," आक्का म्हणाली. "घरं सगळी सारखी. माझी धाकटी बहीण यायची आहे. तुम्हाला सापडलं, तर तिला जरा सांगाल का कसं यायचं ते? ती येईल हो, पण तिचे यजमान कुणाला रस्ता विचारत नाहीत."

साहेब दारातच उभे होते, गाडीची किल्ली हातात. त्यांनी काकूंकडे पाहिलं नाही. ते आक्काला म्हणाले, "विचारतील. आता विचारतील."

"मग बरं झालं," आक्का म्हणाली. मुलाने चहा आणून ठेवला होता. तिने पहिला कप पाहुणीपुढे सरकवला, बिस्किटांची बशी तिच्याजवळ नेली आणि आग्रहाने एक हातात दिलं. काकूंनी ते धरून ठेवलं.

"ती रागावली आहे का माझ्यावर?" आक्काने विचारलं. "आली नाही ती."

"रागावली नाही," काकू म्हणाल्या. "तिला उशीर झाला."

आक्का हसली. लहान मुलाची समजूत काढताना हसायची, तशी.

"उशिराचं काय एवढं," ती म्हणाली. "सांगा तिला, सावकाश ये. मी कुठे जातेय? मी इथेच आहे."